डाव्या पायाचा गोल

मी अकोल्याच्या एका शाळेत चित्रकला शिकवतो. म्हणजे नजर शाबूत असणं ही माझ्या पोटापाण्याची गोष्ट. असं असूनही झाग्रेबहून पूर्वेकडे जाणाऱ्या रेल्वेत मला डुलकी लागली, सावरून बसताना मी नेमका स्वतःच्या चष्म्यावर बसलो आणि डाव्या काचेचा चुरा झाला. तासाभरानंतर एका परक्या गावातल्या मैदानाच्या कठड्याला टेकून, बारीक पावसात भिजत, मी भलत्याच मुलीच्या नावानं गळा फोडत होतो.

"मार, प्रज्ञा! मार, माय!"

प्रज्ञा माझ्या थोरल्या भावाची मुलगी. नऊ नंबरचा शर्ट, पाठीवर काळी वेणी, सगळ्यांच्या पुढे खेळणारी. समोर धुक्यात नऊ नंबर होता, काळी वेणीही होती. आणखी काय पाहायचं? एका हातात मी फोन उंच धरला होता. त्यात मूर्तिजापूरच्या मैदानावर जमलेले दादा, म्हणजे प्रज्ञाचे वडील, आणि त्यांच्या हाताखाली फुटबॉल शिकणाऱ्या दहा-बारा मुली दाटीवाटीनं पाहत होत्या. इतक्या वर्षांत घरचं माणूस पहिल्यांदाच प्रज्ञाचा सामना पाहायला परदेशात गेलं होतं, आणि ते माणूस मी होतो.

मध्यंतरानंतर त्या नऊ नंबरनं दोघींना चुकवून डाव्या पायानं असा चेंडू मारला की जाळी मागे ओढली गेली. मी नाचलो. शेजारचे एक आजोबा माझ्याकडे बघून जरा सरकून उभे राहिले. फोनमधून शिट्ट्या आल्या आणि त्या गलक्यात दादांचा फाटलेला आवाज: "डावा पाय! मिल्या, डावा पाय होता नं?"

"डावाच!" मी ओरडलो. तेवढ्यात फोनची बॅटरी संपली.

सामना संपल्यावर लांब काळा कोट घातलेली एक मुलगी कठड्याच्या कडेकडेनं माझ्याकडे आली.

"काका."

मी तिच्याकडे पाहिलं. मैदानात मैत्रिणींच्या गळ्यात पडलेल्या नऊ नंबरकडे पाहिलं. पुन्हा हिच्याकडे पाहिलं.

"अवं, तू मधातच कपडे कावून बदलले?"

ती हसली नाही. "काका, फोन बंद आहे नं?"

"बंद आहे."

"मंग चाला घरी." तिनं माझी बॅग उचलली, दोन पावलं गेली आणि खाली ठेवली. बॅग मीच घेतली. पुढे चालताना ती डावा पाय टाकते कसा, हे फुटक्या चष्म्यातूनही दिसत होतं.

काता आजीचं घर

क्रोएशियाचा हा पूर्वेकडचा भाग सपाट आहे. समुद्राची चित्रं पाहून गेलेल्या माणसाला फसल्यासारखं वाटेल, मला मात्र उतरल्या उतरल्या ओळखीचं वाटलं. काळी जमीन, तीही पावसात बुटाला चिकटून बुटाचं वजन दुप्पट करणारी. कापणी झालेल्या मक्याचे धांडे. घरांच्या ओट्यांवर लाल मिरच्यांच्या माळा. मिरची दिसायला भिवापुरी, तोंडात टाकली तर गोड. मी पहिल्याच दिवशी एक चावून पाहिली आणि तिथल्या लोकांविषयी मला थोडी कीव आली.

प्रज्ञा राहत होती ते घर काता आजीचं. सत्तरी ओलांडलेली, रुंद खांद्यांची बाई. नवरा गेलेला, मुलगा जर्मनीत. त्या गल्लीतली अर्धी घरं बंद होती. तरुण सगळे जर्मनीला नाहीतर आयर्लंडला. आमच्याकडे पुण्याला जातात, एवढाच फरक.

आजीनं आधी माझे ओले मोजे काढायला लावले आणि चुलीजवळ वाळत घातले. मग सूप वाढलं, त्यात घरी लाटून कापलेल्या कणकेच्या बारीक शेवया. मी घास घेतला आणि म्हणालो, "सरगुंडे!" आमच्याकडे उन्हाळ्यात काडीवर वळून वाळवतात ते सरगुंडे लांब आणि पोकळ, हे चपटे, पण चव तीच. प्रज्ञानं आजीला ते समजावून सांगितलं. आजी खूश झाली आणि तिनं न विचारता दुसरी वाटी भरली. नको म्हणून मी हात आडवा केला तर हातावरून वाढलं. आग्रहाच्या बाबतीत आम्हा वऱ्हाड्यांच्या वरताण लोक जगात आहेत, हे मी स्वतः पाहिलेलं आहे.

जेवण झाल्यावर आजी कोंबड्यांना बघायला गेली आणि प्रज्ञानं सांगितलं.

"मार्चमधी प्रॅक्टिस चालू होती. कोनी धक्का नाई मारला, काई नाई. मी वळली काका, अन् गुडघा वळलाच नाई."

ऑपरेशन झालं. क्लबनंच केलं. उन्हाळाभर तिनं व्यायाम केला. सप्टेंबरात डॉक्टरांनी सांगितलं की चाल, शिकव, सायकल चालव. खेळणं मात्र विसर. करार डिसेंबरपर्यंतचा. तोपर्यंत दुपारी लहान मुलांना शिकवायचं काम कोचनं तिला दिलं होतं. नऊ नंबरचा शर्ट तिनं स्वतःच इवाना नावाच्या मुलीच्या हातात दिला होता. आज मी जिच्यासाठी नाचलो ती हीच.

"अन् तू आमाले फोटो पाठवत होती?"

"जुने."

मूर्तिजापूरला बंद पडलेल्या शकुंतला गाडीच्या रुळांशेजारी एक मैदान आहे. दादा रेल्वेत पॉइंट्समन होते, गाड्या एका लाइनीवरून दुसऱ्या लाइनीवर वळवणारे. ड्यूटी सुटली की ते या पोरीला तिथं न्यायचे. तिथून ती कोलकात्याला गेली, मग नेपाळला एक हंगाम, आणि मग इथं, जिथं पहिल्याच वर्षी तिच्या नावावर क्लबमधले सगळ्यात जास्त गोल होते. परदेशात खेळून पगार घेणारी आमच्या घरातली, आणि माझ्या माहितीप्रमाणे आमच्या गावातली, ती पहिलीच. मी शाळेत तिच्याविषयी इतकं बोलत असे की सहकारी मला पाहून रस्ता बदलत.

"घरी सांगाचं नं, बेटा. दादा काय रागावले असते?"

"बाबाचं नाई काका." तिनं टेबलावरचा पावाचा चुरा बोटानं गोळा केला. "ते पोट्ट्या मैदानावर येतात, त्याइचे मायबाप काय म्हनतात मालूम आहे? प्रज्ञासारखी बाहेर जाईन तं खेळू द्या, नाईतं घरी बसवा. माहं खेळनं बंद झालं म्हनून गावात कळलं, तं त्याइचं दुसऱ्या दिवशी बंद. मले डिसेंबरपर्यंत टाइम द्या. मी काई तरी करतो. बाबाले सांगू नोका."

मी शब्द दिला. मग फोन चार्ज करून उघडला तर पहिलाच फोटो: दादा पेढ्यांचा पुडा घेऊन मैदानावर उभे, आणि पेढ्यासाठी पुढे आलेले पोरींचे हात. मी फोन उपडा ठेवला. खोटं बोलायला निदान तोंड उघडावं लागतं अशी माझी समजूत होती. मी नुसता फोन धरून उभा राहिलो होतो.

शेवंती

सकाळी वाटलं की आजीसाठी काहीतरी न्यावं. बाजारात जिकडे तिकडे शेवंती, पिवळी, पांढरी, जांभळी, आपल्याकडे दसऱ्याला असते तशी. मी एक मोठा गुच्छ घेतला आणि दारात दोन्ही हातांनी आजीला दिला. आजीचा चेहरा उतरला. तिनं माझ्याकडे पाहिलं, स्वतःच्या छातीवर बोट ठेवून काहीतरी विचारलं आणि एकदम पोट धरून हसायला लागली. प्रज्ञा आतून धावत आली.

"काका! इथं शेवंती मेलेल्या मानसाले नेतात. आजी म्हनते, मी अजून हाओ."

दुसऱ्या दिवशी त्यांचा सर्व संतांचा सण होता. तोच गुच्छ घेऊन आम्ही तिघं आजीच्या नवऱ्याच्या कबरीवर गेलो. सगळं गाव तिथं. जर्मनीची पोरंही आली होती. कबरी धुऊन पुसून लख्ख केलेल्या, प्रत्येकीवर शेवंती आणि लाल काचेतली मेणबत्ती. संध्याकाळ झाली तशी ती सगळी दफनभूमी तांबूस दिसू लागली. कुणी रडत नव्हतं. माणसं हळू आवाजात बोलत होती, मक्याला यंदा भाव काय, अमक्याचं लग्न कधी. मला आईबापांची आठवण आली. आमच्याकडे माणूस गेला की फोटोला हार घालतो आणि फोटोच्या काचेत आपलाच चेहरा पाहतो. इथं निदान त्याच्या शेजारी जाऊन उभं राहतात.

तिथंच फोन वाजला. दादांचा आवाजी निरोप होता. मी जरा बाजूला होऊन ऐकत होतो, तर प्रज्ञा मागे येऊन उभी राहिली.

"मिल्या, माह्या पोरीले म्हन, बापाचं मन भरलं. लहान होती तवा तिच्या उजव्या पायातला बूट काढून घेत होतो मी, का डाव्यानं मार म्हनून. रडे. मारे नाई. म्हने, बाबा, डावा पाय माहा नाईच. परवा तिनं डाव्यानं मारला रे! मी पोट्ट्याइले म्हनलं, पाहा, इतक्या वर्सानं का होईना. मनावर घेतलं तं होते. आता सगळ्याइले डाव्या पायानं मारा लावून रायलो."

"पुन्हा लावा," प्रज्ञा म्हणाली.

मी पुन्हा लावला. निरोप संपेपर्यंत ती मेणबत्त्यांकडे बघत होती.

"डावाच गेला माहा, काका," ती म्हणाली. "डावाच."

परत येताना आजीनं चालता चालता तिचा हात आपल्या काखेत घेतला. आधार नेमका कोण कोणाला देत होतं, ते मागून सांगता येत नव्हतं.

शाल आणि नारळ

माझ्या बॅगेत एक शाल होती आणि एक सोललेला, शेंडीवाला नारळ. मूर्तिजापूरच्या मंडळींनी दिलेला. त्यांचा हुकूम असा की प्रज्ञाच्या कोचचा मैदानावर सत्कार करायचा, फोटो काढायचा आणि पाठवायचा, म्हणजे चौकात फ्लेक्स लागेल. आमच्याकडे शाल-श्रीफळाशिवाय माणसाचं कौतुक झाल्यासारखं वाटत नाही. मी स्वतः तीन शाली बाळगून आहे. त्यांतली एक आमचे मुख्याध्यापक भलत्याच शिक्षकाच्या नावानं भाषण करून माझ्या अंगावर घालून गेले होते.

"सत्कार करून टाका काका," प्रज्ञा म्हणाली. "फोटोत मी मागं उभी राहीन. कोटात गुडघा दिसत नाई."

हिवाळ्याच्या सुट्टीआधीचा घरच्या मैदानावरचा शेवटचा सामना होता. तो बरोबरीत सुटला. इवानाचा एक चेंडू खांबाला लागून परतला तेव्हा प्रज्ञा खुर्चीतून अर्धी उठली आणि पुन्हा बसली. सामन्यानंतर मी चष्म्याची काडी पट्टीनं चिकटवून, शाल-नारळ घेऊन, चिखल तुडवत मैदानात गेलो. कोच म्हणजे एक उंच, कमी बोलणारी बाई. सकाळी शाळेची बस चालवते आणि दुपारी यांना पळवते. मी टाचा उंचावून तिच्या खांद्यांवर शाल घातली, हातात नारळ दिला आणि हात जोडले. खेळाडू गोळा झाल्या. नारळाची शेंडी बघून एकजण काहीतरी म्हणाली आणि सगळ्या हसल्या.

कोचनं प्रज्ञाला विचारलं, हे काय?

प्रज्ञानं सांगितलं असावं की आमच्याकडे ज्यानं चांगलं काम केलं त्याला हे देतात. कोचनं ऐकून घेतलं. मग शाल स्वतःच्या खांद्यावरून काढली, झटकली आणि प्रज्ञाच्या खांद्यांवर घातली. कोटावरून, दोन्ही बाजूंनी नीट ओढून, लहान मुलाला गुंडाळतात तशी. नारळ तिच्या हातात दिला. एक वाक्य बोलली. मी त्याचा अर्थ प्रज्ञाला आजपर्यंत विचारलेला नाही.

हसणं थांबलं होतं. कुणी सांगितलं नव्हतं, तरी त्या मुली एका ओळीत उभ्या राहिल्या आणि एकेक करून येऊन प्रज्ञाचा हात हातात घेऊ लागल्या. कुणी गालाला गाल लावला. शेवटी इवाना आली. ती नुसती शालीत तोंड घालून उभी राहिली. मार्चपासून न रडलेली आमची पोरगी तेव्हा रडली. मी फोन हातात धरून उभा होतो आणि बोट आपोआप दाबलं जात होतं.

घरी आल्यावर फोटो पाहिले. प्रज्ञा मधोमध, अंगावर शाल, हातात नारळ, दोन्ही बाजूंना सोबतचे लोक ओळीत, सगळ्यांची तोंडं गंभीर. हा फोटो मी पाहिलेला होता. दादांच्या बैठकीत, दारासमोरच्या भिंतीवर, ते रेल्वेतून रिटायर झाले त्या दिवशीचा. फक्त मधला माणूस दुसरा. वऱ्हाडातल्या कोणाही माणसाला हा फोटो दाखवा, तो नाव न वाचता सांगेल की कोणाला तरी निरोप दिला जातोय.

"हा नाई पाठवत," मी म्हणालो. "कोचचा एकटीचा आहे एक, थोडा हललेला. तो पाठवतो."

प्रज्ञानं फोन घेतला. बराच वेळ पाहिला.

"हाच पाठवा."

"दादा समजून जातीन, बेटा."

"म्हनूनच म्हनतो." तिनं फोन माझ्यासमोर ठेवला. "खेळून रायली म्हनून खोटं चालत होतं मले. पन डाव्या पायाचं नाई चालत काका. ते पोट्ट्याइले दाखवून रायले नं ते."

मी पाठवला. खाली काही लिहिलं नाही. काय लिहिणार?

उत्तर आलं नाही. दुसऱ्या दिवशी मी आजीला मिरच्यांच्या माळा उतरवायला मदत करत होतो, म्हणजे दोन माळा तोडून ठेवल्या होत्या, तेव्हा दादांचा फोन आला.

"मिल्या, पायाचं काई झालं का तिच्या?"

"गुडघा गेला, दादा."

"कोन्ता?"

"डावा."

पलीकडे कुणीतरी हातपंप हापसत होतं, तो आवाज तेवढा येत राहिला.

"मंग गोल कोनाचा होता?"

"दुसऱ्या पोरीचा. इवाना म्हनतात. माह्या चष्म्याचं..." मी चष्म्याची हकिगत सांगायला लागलो. दादांनी ती पुरी होऊ दिली नाही.

"चांगला आहे तिचा डावा पाय," ते म्हणाले. "प्रज्ञाले दे फोन."

मी फोन तिला दिला आणि कोंबड्यांच्या बाजूला निघून गेलो. ते दोघं काय बोलले मला माहीत नाही. खूप वेळानं ती बाहेर आली, डोळे सुजलेले.

"बाबा म्हनतात, ऊन निघालं का गुडघ्याले तिळाचं तेल लावत जाजो," ती म्हणाली. आणि मग, "पोट्ट्याइले उद्या मैदानावर ते स्वतः सांगनार आहेत."

निघताना आजीनं मला गोड मिरचीच्या तिखटाचा डबा दिला आणि एक शेवंतीचं फूल माझ्या कोटाला लावलं. लावून झाल्यावर बोट दाखवून हसली.

मूर्तिजापूर

परतल्यावर पहिल्या रविवारी मी आणि रत्ना, म्हणजे आमच्या सौ., दादांकडे गेलो. मैदानावर मुली पळत होत्या. मी मोजल्या नाहीत, पण दादांनीच सांगितलं की दोघी यायच्या बंद झाल्या. एकीला मामाकडे धाडलं, दुसरीचा बाप रस्त्यात भेटला तर नजर देत नाही. बाकीच्या येतात. किती दिवस येतील ते त्यांच्या घरच्यांवर आहे. प्रज्ञा जानेवारीत येईल. आल्यावर ती या मुलींना शिकवेल की नोकरीचे फॉर्म भरेल, हे तिचंही ठरलेलं नव्हतं. फ्लेक्स लागला नाही. तो फोटो दादांनी छापून घेऊन बैठकीत स्वतःच्या फोटोशेजारी लावला होता. दोन शाली, दोन नारळ.

दादा चहाच्या कपात बघत म्हणाले, "गाव हासून रायलं रे मिल्या. चौकात गेलो का कोनी तरी म्हनतेच: पॉइंट्समनसाहेब, पेढे दुसऱ्याच लाइनीले वळवले राजेहो! मी काई म्हनत नाई. काय म्हनू?"

मी माझा चहा बशीत ओतला. हसण्यासारखं बोलणं एरवी माझ्याकडे आयतं तयार असतं.

परतीच्या पॅसेंजरमध्ये खिडकीशी बसून मी रत्नाला म्हणालो, "सगळं माह्यापायी झालं. चष्मा धड असता तं दादांनी पेढेच वाटले नसते."

रत्ना मांडीवर पिशवी घेऊन बसली होती. तिनं त्यातला गोड तिखटाचा डबा काढला, वास घेतला, परत ठेवला. बोरगाव मागे पडलं. मग म्हणाली:

"गोल तं झाला होता नं?"

"हो."

"कोन्या का होईना, पोट्टीनंच केला होता नं?"

"हो, पन..."

"मंग पेढे बरोबरच वाटले. उद्या दादाइले फोन करून सांगा, चौकात असंच म्हना म्हनून." आणि माझा चष्मा काढून घेत, "अन् हे पट्टी लावलेलं भूत घालून आता अकोल्यात उतरू नोका."